निकालाची मुदत आणि न्यायालयाची पायरी

मुंबईच्या ओव्हल मैदानाच्या पूर्वेस जी गॉथिक धाटणीच्या पाषाणी इमारतींची रांग उभी आहे, तिच्यात विद्यापीठ आणि उच्च न्यायालय ही दोन घराणी गेली सुमारे दीडशे वर्षे एकमेकांच्या शेजारी नांदत आली आहेत. विद्यापीठाचे दीक्षान्त सभागृह जॉर्ज गिल्बर्ट स्कॉट या इंग्रज वास्तुविशारदाने मुंबईत पाऊलही न टाकता लंडनमध्ये बसून रेखाटले आणि ते १८७४ साली पुरे झाले. प्रेमचंद रायचंद या शेअरबाजारच्या सम्राटाच्या देणगीतून उभा राहिलेला राजाबाई मनोरा १८७८ मध्ये, आणि कर्नल फुलर यांनी आखलेले उच्च न्यायालयही त्याच साली. मैदानाकडे तोंड करून उभ्या असलेल्या या दोन वास्तूंमधले अंतर शेसव्वाशे पावलांहून अधिक नसावे; तथापि परीक्षेला बसलेल्या विद्यार्थ्याला ते ओलांडून एका दारातून दुसऱ्या दारापर्यंत पोहोचण्यास शतकाहून अधिक काळ लागला, आणि तो पोहोचला तोही आरंभी गुणांसाठी. निकालाच्या विलंबाबद्दल दाद मागण्याचा प्रघात त्याहून पुष्कळ अलीकडचा आहे.

शेजार जुना असला तरी तो दीर्घकाळ माणसांच्या येण्याजाण्यापुरता होता, कज्जेदलालीचा नव्हता. विद्यापीठाचे पहिले कुलगुरू सर विल्यम यार्डली हे मुंबईच्या तत्कालीन सुप्रीम कोर्टाचे मुख्य न्यायाधीश होते. पहिले हिंदी कुलगुरू काशिनाथ त्र्यंबक तेलंग हे १८९२ मध्ये त्या पदावर आले तेव्हा उच्च न्यायालयाचे न्यायमूर्ती होते. पुढे नारायण गणेश चंदावरकर आले, ते न्यायमूर्ती. महंमद करीम छागला आले, ते न्यायमूर्ती. आणि धर्मशास्त्राचा इतिहास लिहिणारे महामहोपाध्याय पांडुरंग वामन काणे आले, त्यांचीही हयात वकिलीत गेलेली. ज्यांनी सकाळी निवाडे द्यावेत त्यांनीच सायंकाळी सीनेटच्या बैठकीचे अध्यक्षस्थान भूषवावे, असा तो काळ होता. अशा घरोब्यात एकाने दुसऱ्यावर फिर्याद गुदरणे हे विसंगत दिसले असते, आणि तसे कोणी केलेही नाही. कारण फिर्याद कशाबद्दल करायची याचीच कल्पना त्या काळच्या परीक्षार्थीला नव्हती.

ही कल्पना का नव्हती हे कळण्यासाठी विद्यापीठाच्या जन्मकुंडलीकडे पाहावे लागते. १८५७ सालच्या बाविसाव्या कायद्याने, त्या वर्षीच्या १८ जुलै रोजी, मुंबई विद्यापीठ स्थापन झाले ते लंडन विद्यापीठाच्या नमुन्यावर; म्हणजे शिकवणारी संस्था म्हणून नव्हे, परीक्षा घेणारी संस्था म्हणून. शिकवण्याचे काम एल्फिन्स्टन, पूना कॉलेज यांसारख्या महाविद्यालयांनी करावे, आणि विद्यापीठाने प्रश्नपत्रिका काढाव्यात, उत्तरे तपासावीत, सनदा वाटाव्यात, अशी ती वाटणी होती. पहिली प्रवेशपरीक्षा १८५९ मध्ये झाली आणि बी.ए.ची पहिली परीक्षा १८६२ मध्ये; तिच्यात उत्तीर्ण झालेले चौघे, महादेव गोविंद रानडे, रामकृष्ण गोपाळ भांडारकर, बाळ मंगेश वागळे आणि वामन आबाजी मोडक, यांपैकी भांडारकर पुढे १८९३ मध्ये त्याच विद्यापीठाचे कुलगुरू झाले. चार पदवीधरांच्या विद्यापीठात परीक्षक परीक्षार्थीला नावाने ओळखे, त्याच्या अक्षराचे वळण ओळखे, आणि निकाल लागण्यास उशीर झालाच तर त्याचे कारण बहुधा सगळ्यांना ठाऊक असे. परीक्षा हाच ज्या संस्थेचा प्राण, तिने परीक्षकाच्या निर्णयाला जवळजवळ धर्मनिर्णयाचे पावित्र्य द्यावे हे स्वाभाविक होते. आणि या पावित्र्याला पूर्वपरंपराही होती. पेशवाईत श्रावणमासी पुण्यास रमणा नावाच्या आवारात दक्षिणेसाठी जमणाऱ्या विद्वानांची योग्यता शास्त्रीमंडळी ठरवीत आणि तिच्या प्रमाणात रक्कम मुकरर होई. कमी रक्कम मिळालेल्या वैदिकाने कुरकुर करावी, फार तर एखाद्या मुत्सद्द्याकडे वशिला लावावा, यापलीकडे त्याला वाट नव्हती. इंग्रजी अमदानीत रमण्याची जागा परीक्षामंडपाने घेतली, शास्त्र्यांची जागा प्राध्यापकांनी घेतली. निर्णय अंतिम असण्याचा शिरस्ता मात्र जसाच्या तसा राहिला.

लोकमान्य टिळकांना एम.ए.च्या परीक्षेत यश आले नाही हे सर्वश्रुत आहे. ज्या पुरुषाने पुढे आयुष्यातली कित्येक वर्षे ताईमहाराज प्रकरणासारख्या दाव्यांत, मुंबईपासून थेट लंडनच्या प्रिव्ही कौन्सिलपर्यंत, एकेका मुद्द्यासाठी झुंजण्यात घालवली, आणि जो स्वतः एल्‌एल्.बी. झालेला होता, त्याला आपली उत्तरपत्रिका पुन्हा तपासली जावी म्हणून कोणापुढे अर्ज करण्याची सोयच नव्हती. टिळकांनी गणितातल्या त्या अपयशाचे फारसे दुःख केलेले दिसत नाही. पण तशी वाट असती तर ती चोखाळल्याविना ते राहिले असते, असे त्यांचा स्वभाव पाहता म्हणवत नाही.

कायद्यात वाट अगदीच नव्हती असेही नाही. १८७७ च्या विशिष्ट अनुतोष अधिनियमाच्या पंचेचाळिसाव्या कलमाने कलकत्ता, मद्रास आणि मुंबई या तीन इलाखा-शहरांच्या उच्च न्यायालयांना असा अधिकार दिला होता की, आपल्या मूळ दिवाणी अधिकारक्षेत्राच्या हद्दीत एखाद्या सार्वजनिक अधिकाऱ्याने अथवा निगमाने कायद्याने बांधून दिलेले कर्तव्य टाळले, तर ते करण्याचा हुकूम त्यास द्यावा. परंतु हद्द होती ती शहरापुरती, अटी होत्या त्या जाचक, आणि सिंधपासून कर्नाटकापर्यंत पसरलेल्या विद्यापीठाचा धारवाडचा किंवा कराचीचा विद्यार्थी वकिलाची फी भरून मुंबईत कलम ४५ खाली अर्ज करील ही अपेक्षाच अवास्तव होती. खरे दार उघडले ते २६ जानेवारी १९५० रोजी, राज्यघटनेच्या २२६ व्या अनुच्छेदाने. त्याने देशातल्या प्रत्येक उच्च न्यायालयाच्या हाती कर्तव्य करण्यास भाग पाडणाऱ्या परमादेशाचे शस्त्र दिले आणि विद्यापीठे ही कायद्याने निर्माण झालेली मंडळे असल्यामुळे त्या शस्त्राच्या टप्प्यात आपसूक आली.

दार उघडले तरी आत जाणाऱ्यास न्यायमूर्तींनी आरंभापासून एक गोष्ट बजावून सांगितली. म्हैसूर विद्यापीठाने केलेल्या एका प्रपाठकाच्या नेमणुकीचा वाद १९६३ मध्ये सर्वोच्च न्यायालयापुढे आला तेव्हा साताऱ्यात जन्मलेल्या न्यायमूर्ती प्रल्हाद बाळाचार्य गजेंद्रगडकर यांनी लिहिलेल्या निकालपत्रात असे तत्त्व मांडले गेले की, शैक्षणिक बाबतीत तज्ज्ञांनी जे मत दिले असेल, त्यात दुष्टबुद्धी दिसत नसेल तर, न्यायालयाने सहसा ढवळाढवळ करू नये. तत्त्व नेमणुकीच्या संदर्भातले होते. पण पुढच्या पन्नास वर्षांत विद्यापीठांच्या वकिलांनी ते परीक्षेपासून प्रवेशापर्यंत प्रत्येक खटल्यात ढालीसारखे पुढे धरले. योगायोगाची गोष्ट अशी की सरन्यायाधीशपदावरून निवृत्त झाल्यावर गजेंद्रगडकर मुंबई विद्यापीठाचे कुलगुरू झाले, आणि जी स्वायत्तता त्यांनी दिल्लीत शब्दांनी राखली होती तिची आतली बाजू, म्हणजे परीक्षा-विभागातले गठ्ठे, संप, तगादे आणि उशिरा लागणारे निकाल, त्यांना जवळून पाहावी लागली.

आता गुणांच्या भांडणाकडे वळू. कारण विलंबाचा कज्जा हा त्याच भांडणाच्या पोटी जन्मला. महाराष्ट्रात मंडळाच्या आणि विद्यापीठाच्या परीक्षार्थींना पूर्वापार एकच सवलत होती, ती गुणपडताळणीची. कारकुनाने गुणांची बेरीज पुन्हा करावी, एखाद्या उत्तराला गुण द्यायचे राहून गेले आहेत काय हे पाहावे, आणि काही चूक सापडल्यास ती दुरुस्त करावी, एवढाच तिचा आवाका. परीक्षकाने दहापैकी चार दिले ते सहा का असू नयेत, हा प्रश्न तिच्यात विचारता येत नसे. राज्य माध्यमिक व उच्च माध्यमिक शिक्षण मंडळाच्या १९७७ च्या विनियमांत हे स्पष्ट शब्दांत लिहिलेले होते: पडताळणी मिळेल, पुनर्मूल्यांकन मिळणार नाही, आणि उत्तरपत्रिका पाहावयासही मिळणार नाही. यास काही विद्यार्थ्यांनी मुंबई उच्च न्यायालयात आव्हान दिले आणि तेथे ते जिंकले. आपल्या हस्ताक्षरातला कागद आपल्यापासूनच लपवून ठेवणे हे नैसर्गिक न्यायास धरून नाही, हा युक्तिवाद उच्च न्यायालयास पटला. मंडळ वर गेले, आणि जुलै १९८४ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने हा निर्णय फिरवला. न्यायमूर्ती बालकृष्ण एराडी यांच्या निकालपत्राचा आशय असा की, लाखो उत्तरपत्रिकांची छाननी ठरावीक मुदतीत करणाऱ्या मंडळाच्या कारभारास नैसर्गिक न्यायाची तत्त्वे या रीतीने लावली तर परीक्षांना कधीच अंत राहणार नाही. शिक्षणाचा व्यवहार ज्यांना ठाऊक आहे त्यांनी आखलेले धोरण न्यायालयाने आपल्या पसंतीच्या धोरणाने बदलू नये.

या निकालात एक गोष्ट लक्षात घेण्याजोगी आहे, आणि तिच्याकडे तेव्हा फारसे कोणाचे लक्ष गेले नाही. उत्तरपत्रिका बंद ठेवण्याचे जे समर्थन करण्यात आले त्याचा कणा काळ हा होता: पत्रिका उघडल्या तर निकाल वेळेवर लागणार नाहीत, पुढचे प्रवेश खोळंबतील, सबब त्या बंद असाव्यात. म्हणजे गुप्ततेच्या बदल्यात मंडळांनी आणि विद्यापीठांनी वेळेची हमी दिली होती, निदान न्यायालयाने ती गृहीत धरली होती. पुढे गुप्तता गेली, आणि हमी मात्र कोणी लिहून घेतलेली नव्हती.

या निकालाच्या आदल्याच वर्षी, सप्टेंबर १९८३ मध्ये, सरन्यायाधीश यशवंत विष्णु चंद्रचूड यांनी कानपूर विद्यापीठाच्या एका प्रकरणात वेगळा सूर लावला होता. उत्तर प्रदेशातल्या वैद्यकीय प्रवेशपरीक्षेत बहुपर्यायी प्रश्नांची जी आदर्श उत्तरे ठरवली होती, त्यांपैकी काही सरळ चुकीची होती. पाठ्यपुस्तके एक सांगत आणि त्या उत्तरांची किल्ली दुसरेच. विद्यापीठाचे म्हणणे असे की किल्ली प्रसिद्धच केली नसती तर हा तंटा उद्भवला नसता. चंद्रचूडांनी ते मानले नाही. किल्ली बरोबर आहे असे गृहीत धरावे, परंतु ती चूक असल्याचे निर्विवाद सिद्ध झाले तर विद्यार्थ्याने बरोबर उत्तर लिहिल्याबद्दल शिक्षा भोगू नये, आणि किल्ल्या निकालाबरोबर प्रसिद्ध केल्या जाव्यात, असा तो निवाडा होता. पुण्याच्या या न्यायमूर्तींनी पाडलेली ही फट अरुंद होती, वस्तुनिष्ठ प्रश्नांपुरती. निबंधाचे, न्यायनिर्णयांच्या विश्लेषणाचे, कवितेच्या रसग्रहणाचे गुण तिच्यातून जाणारे नव्हते.

महाराष्ट्रात मात्र गुणांच्या पत्रिकेने त्याच सुमारास जे करून दाखवले, ते कोणत्याही कायदेपंडिताच्या स्वप्नातही नसेल. १९८५ मध्ये मुंबई विद्यापीठाच्या एम.डी. परीक्षेत तत्कालीन मुख्यमंत्री शिवाजीराव पाटील निलंगेकर यांच्या कन्येचे गुण बदलले गेल्याचा आरोप त्याच परीक्षेस बसलेल्या एका परीक्षार्थीने उच्च न्यायालयात याचिकेद्वारे केला; न्यायालयाने प्रतिकूल ताशेरे ओढले, आणि मार्च १९८६ मध्ये मुख्यमंत्र्यांना राजीनामा द्यावा लागला. प्रकरण सर्वोच्च न्यायालयापर्यंत गेले आणि त्याच्या तपशिलात शिरण्याचे येथे प्रयोजन नाही. पण त्या वर्षीपासून ‘परीक्षेचा निकाल’ या विषयाकडे सामान्य मराठी माणसाची नजर बदलली हे खास. ज्या कागदावरच्या आकड्याने सरकार हलते तो कागद पवित्र नसतो, हे त्यास उघड दिसले, आणि पुढच्या पिढीतल्या विद्यार्थ्याला विद्यापीठाविरुद्ध अर्ज करताना पूर्वीसारखा संकोच उरला नाही.

या संकोचाच्या ऱ्हासाबरोबर विद्यापीठांनीही हळूहळू आपापल्या नियमांत पुनर्मूल्यांकनाची तरतूद केली. पुढे उत्तरपत्रिकेची छायाप्रत देण्याचीही सोय झाली. काही विद्यार्थ्यांनी याच दरम्यान ग्राहक न्यायालयाचे दार ठोठावून पाहिले, की फी भरली म्हणजे आम्ही ग्राहक आणि परीक्षामंडळ सेवा देणारे. ते दार सप्टेंबर २००९ मध्ये बिहारच्या एका प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने बंद केले. परीक्षा घेणे ही विक्रीची सेवा नव्हे, आणि परीक्षार्थी ग्राहक नव्हे. माझ्या मते हे योग्यच झाले, कारण विद्यार्थ्याला ग्राहक ठरवून त्याची प्रतिष्ठा वाढली नसती. परंतु त्यानंतर दोनच वर्षांनी, ९ ऑगस्ट २०११ रोजी, तो निकाल लिहिणाऱ्या न्यायमूर्ती रवींद्रन यांच्याच लेखणीतून जो निर्णय आला त्याने १९८४ ची तटबंदी भलत्याच बाजूने पाडली. २००५ च्या माहिती अधिकार कायद्यान्वये उत्तरपत्रिका ही ‘माहिती’ आहे, परीक्षामंडळ ती विश्वस्त म्हणून गुप्त ठेवण्यास बांधलेले नाही, आणि म्हणून परीक्षार्थीस ती पाहण्याचा व तिची प्रत घेण्याचा हक्क आहे, असे न्यायालयाने ठरवले. परीक्षेच्या कायद्याने जे नाकारले ते माहितीच्या कायद्याने दिले. मात्र त्याच निकालपत्रात हेही स्पष्ट केले की, पाहण्याचा हक्क म्हणजे फेरतपासणीचा हक्क नव्हे. तो ज्याच्या त्याच्या नियमांत असेल तरच.

छायाप्रत हातात आल्यावर काय घडते हे ज्याने एकदा पाहिले आहे त्यास मुदतीचा प्रश्न समजावून सांगावा लागत नाही. विधी शाखेचा विद्यार्थी घ्या. पाचव्या सत्रात कंपनी कायद्याच्या विषयात तो अनुत्तीर्ण ठरतो. छायाप्रतीसाठी अर्ज, त्यासाठी ठरावीक दिवस. छायाप्रत आल्यावर तिच्यातल्या कोऱ्या राहिलेल्या समासांकडे, एका ओळीत उरकलेल्या लाल रेघेकडे, पुरवणीचे पान तपासलेच गेले नसल्याच्या शंकेकडे बोट दाखवून पुनर्मूल्यांकनासाठी दुसरा अर्ज. उत्तरपत्रिकेवरचा बैठक क्रमांक झाकला जातो, पहिल्या परीक्षकाचे गुण झाकले जातात, गठ्ठा दुसऱ्या परीक्षकाकडे जातो, आणि ठरावीक प्रमाणाहून अधिक फरक पडला तरच नवे गुण मान्य होतात. हा विधी कागदावर निर्दोष आहे. परंतु तो पुरा होईतो पुढच्या सत्राची परीक्षा येऊन ठेपते, आणि ज्या विषयात आपण उत्तीर्ण आहोत अशी त्याची समजूत आहे त्याच विषयाचा ‘एटीकेटी’चा अर्ज त्यास पुन्हा फी भरून द्यावा लागतो, कारण न भरावा, आणि पुनर्मूल्यांकनात नापासच ठरावे, तर एक संधी गेली. तो रात्री जागून तेच पुस्तक पुन्हा वाचतो, परीक्षा देतो, आणि पुढे कधीतरी कळते की तो पहिल्याच खेपेस उत्तीर्ण होता. महाविद्यालयाच्या कार्यालयात यास एकच उत्तर मिळते: ‘निकाल राखून ठेवला आहे, वरून आला की कळवू.’ हा ‘वर’ म्हणजे कलिन्याच्या विद्यानगरीतील परीक्षा भवन. तेथल्या खिडकीवर गेल्यास उत्तर मिळते की गठ्ठा परीक्षकाकडे आहे.

येथे न्यायालयाने काय करावे? गुणांना हात लावणे त्याचे काम नव्हे, हे तत्त्व मला मान्य आहे. न्यायमूर्तींनी कंपनी कायद्याच्या उत्तरपत्रिका तपासायला घेतल्या तर खटले कोण चालवणार? परंतु उत्तर द्यायचे की नाही आणि उत्तर कधी द्यायचे या दोन निराळ्या गोष्टी आहेत. पहिलीत विद्वत्तेचा प्रश्न येतो. दुसरीत केवळ कॅलेंडर लागते. तज्ज्ञांच्या मताबद्दलचा जो आदर गजेंद्रगडकरांनी सांगितला, त्याच्या आडोशाला गठ्ठा न उघडणाऱ्या कारकुनाला बसू देण्याचे कारण नाही. आणि परमादेशाचे शस्त्र मुळात ज्या कामासाठी घडवले गेले ते हेच, कर्तव्य करण्यास भाग पाडणे, ते कसे करावे हे न सांगता. महाराष्ट्र सार्वजनिक विद्यापीठ अधिनियम, २०१६, जो १ मार्च २०१७ पासून अमलात आला, त्याच्या ८९ व्या कलमात परीक्षा संपल्यापासून ३० दिवसांत निकाल लावण्याचा प्रयत्न करावा, आणि कोणत्याही परिस्थितीत ४५ दिवसांत तो लावावा, असे सांगितले आहे. तसे न जमल्यास कारणांसह अहवाल कुलपतींकडे व राज्य शासनाकडे पाठवावा लागतो. या कलमाची भाषा परीक्षेच्या निकालाची आहे. पुनर्मूल्यांकनाचा कारभार मात्र परिपत्रकांच्या आधाराने चालतो, आणि परिपत्रकाला मुदत असली तरी ती चुकल्याची जबाबदारी कोणाच्या माथी येत नाही.

कायदा अमलात आल्यानंतर पहिल्याच उन्हाळ्यात त्याची जी परीक्षा झाली ती महाराष्ट्र सहजी विसरणार नाही. मुंबई विद्यापीठाने २०१७ च्या उन्हाळी सत्रातल्या उत्तरपत्रिका, संख्येने सतरा लाखांहून अधिक आणि परीक्षा ४७७, एकदम संगणकाच्या पडद्यावर तपासण्याचे ठरवले. तपासणीची ही नवी पद्धत वाईट होती असे नव्हे. ती एखाद्या लहान शाखेत आधी राबवून पाहिली असती तर कदाचित आज तिचे कौतुक झाले असते. परंतु प्रत्येक उत्तरपत्रिकेचे पान न पान स्कॅन करणे, त्यावर बारकोड चिकटवणे, ते परीक्षकाच्या पडद्यावर विषयवार पोहोचवणे, आणि त्यासाठी हजारो प्राध्यापकांना शिकवणे, हे सर्व परीक्षा सुरू झाल्यावर हाती घेतले गेले. प्राध्यापक महाविद्यालयांच्या संगणक-खोल्यांत बसले, तर पडद्यावर कधी भलत्याच विषयाची पत्रिका उमटे, कधी पाने मागेपुढे झालेली असत, कधी पडदाच निपचित पडे. कुलपती म्हणजे राज्यपाल चेन्नमनेनी विद्यासागर राव यांनी ३१ जुलै ही अखेरची मुदत मुकरर केली; अध्यापन काही दिवस स्थगित ठेवून प्राध्यापकांना तपासणीस जुंपण्यात आले, नागपूरसारख्या अन्य विद्यापीठांच्या प्राध्यापकांचे साहाय्य घेण्यात आले, आणि तरीही मुदत टळली. ऑगस्टमध्ये कुलगुरू संजय देशमुख यांना रजेवर पाठवून कोल्हापूरच्या शिवाजी विद्यापीठाचे कुलगुरू देवानंद शिंदे यांच्याकडे कार्यभार देण्यात आला. उरलेले निकाल सप्टेंबरपर्यंत रेंगाळत लागले. आणि २४ ऑक्टोबर २०१७ रोजी कुलपतींनी देशमुखांना पदावरून दूर केले. दीडशे वर्षांहून अधिक वयाच्या या विद्यापीठात असे पूर्वी घडले नव्हते.

या साऱ्या धामधुमीत विद्यार्थी उच्च न्यायालयात गेले, त्यांत विधी शाखेचे विद्यार्थी आघाडीवर होते, आणि ते साहजिकही होते. वकिलीचा पहिला धडा त्यांना स्वतःच्याच खटल्यात गिरवावयास मिळाला. कोणाचा परदेशातला प्रवेश अडला होता, कोणाची एल्‌एल्.एम.ची जागा जाऊ पाहत होती, कोणाला नोकरीवर रुजू होण्यासाठी गुणपत्रक हवे होते. विद्यापीठाचे वकील एकामागून एक तारखा देत राहिले आणि न्यायालय त्या नोंदवून घेत राहिले. निकाल लागल्यावर प्रश्न मिटला नाही. उलट घाईने तपासलेल्या पत्रिकांमुळे पुनर्मूल्यांकनाचे अर्ज हजारोंनी आले, आणि ते निकाल पुन्हा पुढच्या सत्रावर जाऊन आदळले. भरीस भर म्हणून, पुरवणी जोडली की स्कॅन करताना ती हरवते, या सबबीवर विद्यापीठाने परीक्षेत पुरवण्या देणेच बंद करण्याचे परिपत्रक काढले. जो विद्यार्थी अधिक लिहितो त्याने हात आखडावा, म्हणजे यंत्राची सोय होईल! एका विधी विद्यार्थिनीने यास उच्च न्यायालयात आव्हान दिले, आणि त्याच वर्षीच्या डिसेंबरात न्यायालयाने ते परिपत्रक रद्द केले. गुणांच्या एकाही आकड्याला स्पर्श न करता न्यायालय परीक्षार्थीला किती उपयोगी पडू शकते याचे याहून नेटके उदाहरण मला आठवत नाही.

त्याच डिसेंबरात, ११ तारखेस, सर्वोच्च न्यायालयाने उत्तर प्रदेशातल्या शिक्षकभरतीच्या एका परीक्षेसंबंधी निकाल देताना पुनर्मूल्यांकनाचे जुने नियम नव्याने घालून दिले: नियमांत तरतूद असेल तर फेरतपासणी व्हावी, नसेल तर न्यायालयाने ती केवळ अत्यंत विरळा प्रसंगी आणि चूक ढळढळीत दिसत असेल तरच होऊ द्यावी, न्यायाधीशाने स्वतः पत्रिका तपासू नये, दयाबुद्धीला येथे स्थान नाही, आणि संशयाचा फायदा परीक्षामंडळास मिळावा. न्यायमूर्ती मदन लोकूर यांच्या त्या निकालपत्रात एक खंतही उमटली आहे. ती परीक्षा २००९ सालची, तिचा वाद आठ वर्षांनंतरही न मिटलेला, आणि उमेदवारांना आपण उत्तीर्ण की अनुत्तीर्ण हे अद्याप ठाऊक नव्हते. म्हणजे विलंबाचा दोष विद्यापीठांच्या माथी मारून न्यायसंस्थेला मोकळे होता येत नाही. तिच्या स्वतःच्या दफ्तरातही तो गठ्ठा सापडतो.

गुणांचे खटले अशा रीतीने विधि-अहवालांच्या खंडांत क्रमांकानिशी नोंदले गेले आहेत आणि कायद्याचे विद्यार्थी ते पाठ करतात. विलंबाच्या खटल्यांचे तसे नाही, आणि त्याचे कारण त्यांच्या शेवटात आहे. विद्यार्थी याचिका दाखल करतो, नोटीस निघते, पहिल्या तारखेला विद्यापीठाचे वकील सूचना घेण्यासाठी आठवड्याची मुदत मागतात, आणि पुष्कळदा दुसऱ्या तारखेच्या आदल्या दिवशी संकेतस्थळावर निकाल झळकतो. सकाळी वकील तो न्यायालयापुढे ठेवतात. याचिकेत मागण्याजोगे काही उरलेले नाही अशी दोन ओळींची नोंद होऊन ती निकाली निघते. सहा महिने जो गठ्ठा सापडत नव्हता तो नोटीस निघाल्यावर आठ दिवसांत कसा सापडला, हा प्रश्न त्या दोन ओळींत येत नाही. दरम्यान जी प्रवेशाची तारीख उलटून गेली तिचे काय, हाही येत नाही, कारण याचिकेत तो मागितलेलाच नसतो. विद्यार्थी प्रमाणित प्रतीसाठी अर्ज करतो, तिचे शुल्क भरतो, आणि ती कधी मिळेल असे विचारल्यावर खिडकीतला कारकून त्यास पुढच्या आठवड्यात चौकशी करण्यास सांगतो.